अर्धा इग्लू

एके काळी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाआधी धरणांचे, कारखान्यांचे अनुबोधपट दाखवीत. ते चुळबुळत पाहणाऱ्या आपल्या वडीलधाऱ्यांपैकी फार थोड्यांना या प्रकाराचा मूळपुरुष मुळात खनिजे शोधणारा माणूस होता, हे ठाऊक असेल. रॉबर्ट फ्लॅहर्टी त्याचे नाव. जन्म १८८४, अमेरिकेतील मिशिगनमधल्या आयर्न माउंटन या खाणींच्या गावी.

१९१० पासून तो कॅनडातील हडसन उपसागराच्या परिसरात लोखंडाच्या शोधात हिंडू लागला. १९१३ च्या सफरीत त्याने सोबत कॅमेरा घेतला. तेथील इन्यूइट लोकांचे, म्हणजे ज्यांना आपण एस्किमो म्हणत आलो त्यांचे, त्याने बरेच चित्रण केले. १९१६ मध्ये टोरांटोत संकलन करताना हातातली सिगारेट फिल्मवर पडली आणि सगळी निगेटिव्ह जळाली. एक प्रत वाचली होती. पण ती पुन्हा पाहताना त्यालाच कंटाळा आला. नुसती सुटी दृश्ये. त्यात माणूस कुठे नव्हता. माझ्या मते ही आग लागली हे बरेच झाले.

१९२० मध्ये, रेव्हिलाँ फ्रेअर या फरच्या व्यापारी पेढीच्या पैशावर, तो पुन्हा गेला. या वेळी कॅमेऱ्यांबरोबर फिल्म धुण्याचे, छापण्याचे आणि पडद्यावर दाखवण्याचेही साहित्य नेले. का? तर जे टिपले ते त्या लोकांना तिथेच दाखवावे म्हणून. वॉलरसच्या शिकारीचे दृश्य पडद्यावर आले तेव्हा प्रेक्षक त्या जनावराला धरून ठेवा म्हणून ओरडू लागले! चित्रपट म्हणजे काय हे त्यांना एकदा उमगले आणि मग ते निव्वळ नट राहिले नाहीत. फिल्म धुण्यासाठी बर्फ फोडून पाणी आणणे, यंत्रे दुरुस्त करणे, पुढची शिकार सुचवणे, सगळ्यांत त्यांचा हात होता. इग्लूच्या आत उजेड पुरेना, तेव्हा त्यांनी मोठा इग्लू बांधला आणि त्याचा अर्धा भाग काढून टाकला. पडद्यावर सुखाने झोपलेले ते कुटुंब प्रत्यक्षात उघड्यावर कुडकुडत होते.

‘नानूक ऑफ द नॉर्थ’ १९२२ मध्ये न्यूयॉर्कला झळकला आणि गाजला. पुढे आक्षेपही आले, आणि ते खोटे नव्हते. नायकाचे खरे नाव अलाकारिअलाक. पडद्यावरची बायको त्याची नव्हे. बंदुका माहीत असलेल्या माणसांना भाल्याने शिकार करायला लावलेली. मला हे फारसे खुपत नाही, कारण आजोबांच्या काळची शिकार करून दाखवण्यात त्या लोकांनाही रस होता. खुपते ते निराळेच. फ्लॅहर्टी या सहकाऱ्यांकडे परत गेला नाही. तेथील एका स्त्रीपासून झालेल्या आपल्या मुलालाही त्याने कधी जवळ केले नाही.

पत्नी फ्रान्सिस मात्र पुढच्या कामात बरोबरीची भागीदार होती. सामोआ बेटांवरचा ‘मोआना’ (१९२६), आयर्लंडचा ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’ (१९३४) हे त्यानंतरचे. ‘एलिफंट बॉय’साठी तो म्हैसूरला आला आणि माहुताचा पोर साबू जगाला मिळाला, पण स्टुडिओने त्या चित्रपटात दुसऱ्या दिग्दर्शकाचा हात घातलाच. १९५१ मध्ये फ्लॅहर्टी वारला.

अलाकारिअलाक तर ‘नानूक’नंतर थोड्याच काळात गेला होता. तो उपासमारीने मेला, असे फ्लॅहर्टी सांगत असे. क्षयाने गेला असावा, असे आता मानतात.