सादाओ यामानाका : उरले फक्त तीन सिनेमे

जपानी सिनेमा म्हटलं की आपल्याला कुरोसावा आणि त्याचे सामुराई आठवतात. पण त्याच्याही आधी सामुराईला गरिबांच्या चाळीत आणून बसवणारा एक दिग्दर्शक होऊन गेला, सादाओ यामानाका.

१९०९ साली क्योटोत जन्म. आपण डिग्री घेऊन बाहेर पडतो त्या वयात, म्हणजे २२ व्या वर्षी, १९३२ मध्ये त्याने पहिला सिनेमा केला. पुढच्या पाच-सहा वर्षांत वीसच्या वर! त्यातले जवळजवळ पूर्ण असे तीनच आज शिल्लक आहेत.

१९३५ च्या 'तांगे साझेन'मध्ये खजिन्याचा नकाशा एका साध्या भांड्यात दडलेला असतो. सगळे ते शोधत फिरतात आणि एका पोराने त्यात चक्क गोल्डफिश ठेवलेले असतात! अमुक गोष्ट मुळीच करणार नाही असं एखादं पात्र ठणकावतं आणि पुढच्याच शॉटमध्ये तेच करताना दिसतं. ही त्याची खास स्टाईल.

१९३७ च्या 'ह्युमॅनिटी अँड पेपर बलून्स'मध्ये मात्र हसू हळूहळू मावळतं. बेकार सामुराई नोकरीसाठी ओळखीच्या माणसापुढे हात जोडत राहतो आणि बायको कागदी फुगे करून घर चालवते.

हा सिनेमा प्रदर्शित झाला त्याच दिवशी यामानाकाला सैन्यभरतीचा हुकूम आला. सप्टेंबर १९३८ मध्ये चीनमध्ये तो पोटाच्या आजाराने गेला. वय फक्त २८. त्याचा मित्र ओझू युद्धातून परतला आणि पुढे 'टोकियो स्टोरी' करू शकला. यामानाकाला तेवढा वेळच मिळाला नाही. मित्रांनो, हे तीन सिनेमे मिळाले तर जरूर पाहा.