सात महिलांचा मोर्चा काढणारे मिरजोळीचे हमीद दलवाई

चिपळूण : १८ एप्रिल १९६६. मुंबईत विधान भवनावर एक मोर्चा निघाला, त्यात महिला होत्या फक्त सात. तोंडी तलाक बंद करा, एकापेक्षा जास्त बायका करण्यावर बंदी घाला, सगळ्या महिलांना सारखा कायदा लावा, अशा त्यांच्या मागण्या. हा मोर्चा काढणारे हमीद दलवाई आपल्या चिपळूण तालुक्यातल्या मिरजोळीचे. त्यांचा जन्म २९ सप्टेंबर १९३२ चा.

त्या काळी नवऱ्याने रागाच्या भरात तीन वेळा तलाक म्हटलं की संसार मोडायचा. बाईला विचारायचं कारणच नाही. इद्दतीचे साधारण तीन महिने संपले की पोटगीही बंद. मग ती पोरांना घेऊन माहेरी, भावाच्या दारात. बाईला कोर्टात जाऊन तलाक मागण्याचा हक्क १९३९ च्या कायद्याने दिला होता. पण खेड्यातल्या गरीब बाईने कोर्टाची पायरी चढायची कशी? नवऱ्याला मात्र कोर्टाची गरजच नव्हती. दलवाईंचं भांडण या तफावतीशी होतं.

दलवाई मूळचे लेखक. राष्ट्र सेवा दलात घडलेले. 'इंधन' ही त्यांची कादंबरी गाजली. पण बोलायचं एक आणि घरात वागायचं दुसरं, असं त्यांनी केलं नाही. मेहरुन्निसाभाभींशी निकाह झाल्यावर त्यांनी ते लग्न विशेष विवाह कायद्याखालीही नोंदवलं. म्हणजे तोंडी तलाकाची आणि दुसऱ्या बायकोची वाट त्यांनी आधी स्वतःसाठीच बंद केली. पुढे त्या मोर्चात भाभीही चालल्या.

२२ मार्च १९७० रोजी पुण्यात त्यांनी मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केलं. महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजाचा वारसा त्या नावातच आहे. तलाक मिळालेल्या बायकांना एकत्र आणणं, त्यांना चारचौघांत बोलतं करणं हे मंडळाचं मोठं काम. समाजातून विरोध झाला, बहिष्काराची भाषा झाली. तरी दलवाई गावोगाव फिरत राहिले.

मूत्रपिंडाच्या आजाराने ३ मे १९७७ रोजी मुंबईत ते गेले. वय अवघं ४४. त्यांच्या इच्छेप्रमाणे कुठलाही धार्मिक विधी न करता अंत्यसंस्कार झाले. पुढे भाभींनी मंडळाचं काम सुरू ठेवलं.

मोर्चानंतर ५१ वर्षांनी, ऑगस्ट २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका दमातला तिहेरी तलाक रद्द ठरवला. २०१९ मध्ये कायदा आला. एक मागणी पुरी झाली, पण बहुपत्नीत्वाला मुस्लिम व्यक्तिगत कायद्यात अजून मुभा आहे. शिवाय तलाक न देताच बाईला माहेरी बसवून ठेवणारे नवरे सगळ्याच समाजांत आहेत. सात जणींनी मागितलेलं सगळं अजून पदरात पडलेलं नाही, हे मिरजोळीच्या या माणसाची आठवण काढताना विसरून चालणार नाही.