विश्लेषण : पोवारी हिंदीची, झाडीबोली मराठीची, हे ठरवले कोणी?

गोंदिया शहराला लागून असलेले फुलचूर अशा पट्ट्यात आहे, जिथे मराठीची झाडीबोली, पोवारी, गोंडी, हिंदी आणि छत्तीसगढी एकमेकींना भिडतात. यातली भाषा कोणती, बोली कोणती आणि बोली असेल तर कोणाची, हा प्रश्न जनगणनेत मातृभाषेचा रकाना भरताना हमखास निघतो. त्याचे जे उत्तर आजही आधाराला घेतले जाते, त्याचा पाया सव्वाशे वर्षांपूर्वी जॉर्ज अब्राहम ग्रियर्सन या आयरिश सनदी अधिकाऱ्याने घातला.

ग्रियर्सन कोण होते?

७ जानेवारी १८५१ रोजी डब्लिनजवळ त्यांचा जन्म झाला. घराणे छापखानेवाल्यांचे. ट्रिनिटी कॉलेजात ते शिकायला गेले गणित. पण रॉबर्ट अ‍ॅटकिन्सन या प्राध्यापकांनी त्यांना संस्कृतची गोडी लावली. १८७३ मध्ये ते सनदी सेवेत बंगाल प्रांतात दाखल झाले आणि बरीच वर्षे बिहारमध्ये राहिले. कचेरीत कागद चालत एका भाषेत आणि समोरचा शेतकरी बोले दुसरीच, हे त्यांनी तिथे रोज पाहिले. १८८५ च्या ‘बिहार पेझन्ट लाइफ’ या ग्रंथात त्यांनी नांगर, गाडी, चूल यांच्या एकेका भागाचे गावातले नाव चित्रांसह नोंदवले. मैथिली, मगही आणि भोजपुरी या हिंदीच्या बिघडलेल्या बोली नाहीत, त्यांना स्वतःचे व्याकरण आहे, हेही त्यांनी याच काळात व्याकरणे लिहून दाखवले. सरकारी सोयीच्या विरोधात जाणारे हे मत होते.

सर्वेक्षण कसे झाले?

१८८६ मध्ये व्हिएन्नातील प्राच्यविद्या परिषदेने भारतातल्या भाषांची पद्धतशीर पाहणी करावी, अशी मागणी केली. ग्रियर्सन तिथे हजर होते. सरकार हलायला पुढे आठ वर्षे गेली. १८९८ मध्ये ते या कामाचे अधीक्षक झाले. मद्रास इलाखा, हैदराबाद, म्हैसूर आणि ब्रह्मदेश यांतून वगळले गेले.

प्रत्येक जिल्ह्यातून तीन गोष्टी मागवल्या गेल्या : बायबलमधल्या उधळ्या पुत्राच्या गोष्टीचे स्थानिक बोलीत रूपांतर, तिथलीच एखादी लोककथा किंवा गाणे आणि ठरावीक शब्द व वाक्यांची यादी. बायबलची गोष्ट धर्मासाठी निवडलेली नव्हती. त्या छोट्या कथेत मी, तू, तो ही तिन्ही सर्वनामे येतात, बहुतेक विभक्ती येतात, वर्तमान, भूत आणि भविष्य हे तिन्ही काळ येतात. एकच गोष्ट शेकडो बोलींत हाती आली की त्या शेजारी-शेजारी ठेवून ताडून पाहता येतात.

भाषेचे नाते ठरते कशावरून?

शब्द सारखे असले म्हणजे भाषा सारखी, असा सर्वसाधारण समज असतो. पण शब्द बाजारात सहज इकडून तिकडे जातात. ‘स्टेशन’ मराठीत आले म्हणून मराठी इंग्रजी झाली नाही. प्रत्यय आणि क्रियापदांची रूपे मात्र सहसा उसनी घेतली जात नाहीत. म्हणून ग्रियर्सन यांचा भर भाषेच्या सांगाड्यावर होता. हिंदीत ‘गया’, मराठीत ‘गेला’, भोजपुरीत ‘गइल’. भूतकाळातला हा ‘ल’ मराठीला बिहार-बंगालच्या भाषांशी जोडतो, असे त्यांनी मांडले. त्यावरून आर्यभाषांची आतली आणि बाहेरची अशी दोन वर्तुळे त्यांनी कल्पिली. सुनीतिकुमार चटर्जी यांनी १९२६ मध्ये ही मांडणी खोडून काढली. ‘ल’चे साम्य मात्र खरे आहे.

गोंदियाच्या वाट्याला काय आले?

गोंदिया जिल्हा १९९९ चा. त्या वेळी हा मुलूख मध्य प्रांताच्या भंडारा जिल्ह्यात होता. मराठीचा सातवा खंड १९०५ मध्ये निघाला. तो तयार केला ग्रियर्सन यांचे नॉर्वेजियन सहकारी स्टेन कोनोव यांनी. त्यात भंडाऱ्याची मराठी ‘नागपुरी’त मोजली गेली. बस्तरकडची हलबीही याच खंडात आली. तिच्यात षष्ठीचा ‘चो’ आहे, तो आपल्या ‘चा’चा भाऊ. गोंडी गेली द्राविडी भाषांच्या चौथ्या खंडात. पोवारी मात्र पूर्व हिंदीच्या सहाव्या खंडात, बघेलीच्या मिश्र बोलींमध्ये गेली. पोवारीभोवती मराठी आहे, तिच्यात मराठी शब्दही भरपूर आहेत. पण ‘माझा’ऐवजी ‘मोरो’ आणि ‘आहे’ऐवजी ‘से’ म्हणणारी बोली मराठीच्या सांगाड्यात बसत नाही. पोवारीला मिश्र ठरवणे एका अर्थी रास्त होते. पण मिश्र म्हणजे दुय्यम, हा अर्थ पुढच्यांनी काढला. आज जनगणनेत पोवारी हिंदीच्या गटात धरली जाते.

मर्यादा कोणत्या?

नमुने गोळा केले ते भाषाअभ्यासकांनी नव्हे, तर स्थानिक अधिकारी आणि शिक्षकांनी. त्यांनी ऐकलेला उच्चार लिपीत कितपत उतरला असेल, ही शंका रास्तच आहे. पुढे प्रांतोप्रांतीच्या बोलींची ग्रामोफोन ध्वनिमुद्रणे करून काही उणीव भरली गेली. कोकणी मराठीची बोली म्हणून सातव्या खंडात गेली. तो वाद गोव्यात दीर्घकाळ धुमसला आणि १९९२ मध्ये कोकणी आठव्या अनुसूचीत आली. मैथिलीला तीच जागा २००३ मध्ये मिळाली. एक भाषा कुठे संपते आणि दुसरी कुठे सुरू होते, याची रेघ प्रत्यक्षात नसते, हे ग्रियर्सन यांनी स्वतःच नमूद केले होते. पण खंड छापायचे तर रेघा ओढाव्याच लागतात.

पुढे काय झाले?

विलायतेत परतल्यावर कॅम्बर्ली येथील घरी बसून त्यांनी हे काम तडीस नेले. १९०३ ते १९२८ या काळात ११ खंड आणि त्यांचे १९ भाग निघाले. १७९ भाषा आणि ५४४ बोलींची त्यात नोंद आहे. १९२८ मध्ये त्यांना ‘ऑर्डर ऑफ मेरिट’ मिळाले. त्यानंतरही काश्मिरी शब्दकोशाचे काम चालूच होते. तो १९३२ मध्ये पुरा झाला. ९ मार्च १९४१ रोजी, वयाच्या नव्वदाव्या वर्षी त्यांचे निधन झाले. सर्वेक्षणाचे खंड आणि जुनी ध्वनिमुद्रणे शिकागो विद्यापीठाच्या दक्षिण आशियाई डिजिटल ग्रंथालयात आता कोणालाही पाहता-ऐकता येतात.