दाबाला कामाला लावणारा सुतार

उन्हाळा लागला की सोयगाव, फर्दापूर, बनोटी या भागातल्या शिवारांत बोअरच्या गाड्या फिरू लागतात. गाडी शेतात आली म्हणजे लगेच खोदाई सुरू होत नाही. आधी ट्रकच्या कोपऱ्यांवरचे हायड्रॉलिक जॅक जमिनीला टेकवतात, काही टनांची गाडी उचलून सपाट करतात आणि मगच उंच मनोरा उभा राहतो. परदेशात राहण्याची सोय असलेल्या गाड्या घेऊन हौशी लोक भटकतात, त्या गाड्यांनाही मुक्कामाच्या जागी सपाट उभे राहण्यासाठी असेच जॅक असतात. ट्रॅक्टरची उलटणारी ट्रॉली, जिनिंगमध्ये 170 किलोची कापसाची गाठ बांधणारा प्रेस, गॅरेजमधला बाटली जॅक आणि आमच्या ऑपरेशन थिएटरमधले पायाने दाबून वर-खाली होणारे टेबल, ही सगळी एकाच कुळातली यंत्रे आहेत. या कुळाचा मूळपुरुष म्हणजे जोसेफ ब्रामा. त्याची गोष्ट आरोग्याच्या सदरात सांगण्याला दोन कारणे आहेत. एक, सार्वजनिक आरोग्याशी त्याचा फार जवळचा संबंध आहे. दुसरे, त्याने जन्माला घातलेल्या यंत्रामुळे होणाऱ्या इजांबद्दल आपल्याकडे फारसे बोलले जात नाही.

पाय अधू झाला, वाट बदलली

ब्रामाचा जन्म एप्रिल 1748 मध्ये इंग्लंडच्या यॉर्कशायर परगण्यात, बार्न्सलीजवळच्या स्टेनबरो येथे एका शेतकरी कुटुंबात झाला. आडनाव ब्रॅमर, पुढे त्याने ते ब्रामा असे केले. वडिलांसोबत शेतीच करायची, हे ठरलेले होते. पण किशोरवयात घोट्याला इजा झाली आणि पाय कायमचा अधू झाला. नांगरामागे चालणे आता जमणार नव्हते. मग घरच्यांनी त्याला गावातल्या सुताराकडे काम शिकायला ठेवले.

घोट्याची इजा वरवर किरकोळ वाटते, पण नीट बसवली नाही तर माणसाचा धंदा बदलून टाकते. आजही शेतमजुराचा घोटा मुरगळला की आधी मालिश, मग लेप आणि महिनाभराने एक्स-रे, असा क्रम दिसतो. ब्रामाच्या काळी एक्स-रे नव्हता. आपल्याकडे आहे.

सुतारकाम शिकून झाल्यावर ब्रामा लंडनला निघाला. खिशात पैसा नव्हता, त्यामुळे अधू पायाने बराचसा प्रवास त्याने चालतच केला. लंडनमध्ये तो फर्निचर बनवणाऱ्याकडे कामाला लागला आणि तिथेच श्रीमंतांच्या घरी नव्या धर्तीचे, पाणी सोडून धुतले जाणारे संडास बसवण्याचे काम त्याच्याकडे आले.

संडासाची झडप

त्या संडासांत भांड्याच्या तळाशी सरकणारी झडप असे. ती अडकायची, गळायची आणि थंडीत गोठून बसायची. सुताराच्या नजरेने ब्रामाने दोष हेरला. सरकत्या झडपेऐवजी बिजागरीवर उघडझाप करणारी झडप बसवली, तर ती स्वतःच्या बैठकीवर घट्ट बसते आणि गोठण्याचा त्रासही कमी होतो. 1778 मध्ये त्याने या रचनेचे पेटंट घेतले आणि स्वतःचा कारखाना काढला. हजारो संडास विकले गेले.

इथे एक वैद्यकीय धडा आहे. घरातली घाण पाण्याने वाहून गेली, पण ती जाणार कुठे? आधी ती घराखालच्या खड्ड्यांत साचली, पुढे गटारांतून थेट थेम्स नदीत पोहोचली आणि त्याच नदीचे पाणी लोक पीत होते. एकोणिसाव्या शतकात लंडनमध्ये कॉलऱ्याच्या साथी आल्या, हजारो माणसे गेली. 1858 च्या उन्हाळ्यात नदीच्या दुर्गंधीने संसदेचे कामकाज अवघड झाले, तेव्हा कुठे मोठ्या भुयारी गटारांच्या कामाला वेग आला. संडास चांगला असून भागत नाही. मैला शेवटी कुठे जातो, हे पाहावे लागते. गावात शौचालयाचा शोषखड्डा विहिरीला किंवा हातपंपाला खेटून घेतला असेल, तर तीच चूक आपण दोनशे वर्षांनी करत आहोत.

न उघडणारे कुलूप आणि एक तरुण लोहार

संडासानंतर ब्रामा कुलपाकडे वळला. 1784 मध्ये त्याने नव्या प्रकारच्या कुलपाचे पेटंट घेतले. पिकॅडिलीतल्या दुकानाच्या खिडकीत एक कुलूप मांडून, किल्लीशिवाय ते उघडणाऱ्याला 200 गिनी देण्याचे त्याने जाहीर केले. ते कुलूप त्याच्या हयातीत कोणालाच उघडले नाही. 1851 च्या लंडनमधल्या मोठ्या प्रदर्शनाच्या वेळी हॉब्ज नावाच्या अमेरिकन कारागिराने ते उघडले, तेही अनेक दिवसांत मिळून 51 तास खपल्यावर.

असे कुलूप हाताने घडवायचे तर प्रत्येक तुकडा तंतोतंत हवा. त्यासाठी 1789 मध्ये ब्रामाने हेन्री मॉडस्ले नावाच्या अठरा वर्षांच्या पोराला कामावर घेतले. पोराच्या हातात कसब असे होते की लवकरच तो कारखान्याचा मुख्य कारागीर झाला. पुढची गोष्ट या दोघांची मिळून आहे.

पास्कलचा नियम, ब्रामाचा प्रेस

बंद भांड्यातल्या द्रवावर एका ठिकाणी दाब दिला की तो सगळीकडे सारखाच पोहोचतो, हे फ्रेंच शास्त्रज्ञ ब्लेझ पास्कल याने सतराव्या शतकातच दाखवले होते. त्याचा हा ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर, 1663 मध्ये प्रसिद्ध झाला. हिशेब सोपा आहे. लहान दट्ट्या एक सेंटिमीटर व्यासाचा आणि मोठा दहा सेंटिमीटरचा असेल, तर मोठ्याचे क्षेत्रफळ शंभरपट होते. लहान दट्ट्यावर दहा किलोचा जोर दिला की मोठा दट्ट्या हजार किलो उचलतो. फुकट मात्र काही मिळत नाही: लहान दट्ट्या शंभर सेंटिमीटर दाबावा, तेव्हा मोठा एक सेंटिमीटर वर येतो. म्हणून जॅकचा दांडा पुन्हा पुन्हा मारावा लागतो.

हे सगळे कागदावर सव्वाशे वर्षे पडून होते. 1795 मध्ये ब्रामाने त्यावरून प्रेसचे पेटंट घेतले. आणि लगेच अडचण उभी राहिली ती गळतीची. दट्ट्या आणि नळकांडे यांच्यामधल्या फटीतून दाबाखालचे पाणी बाहेर येई. फटीत भरण ठासून घट्ट केले तर गळती थांबे, पण मग दट्ट्याच अडकून बसे आणि काम झाल्यावर खाली येत नसे. सैल केले की पुन्हा गळती.

यावर जो उपाय निघाला, त्याचे श्रेय मॉडस्लेला दिले जाते. त्याने कातड्याची, आतून पोकळ ओठांची कडी बसवली आणि ओठांचे तोंड पाण्याच्या बाजूला ठेवले. पाण्याचा दाब वाढला की तेच पाणी ओठांत शिरून ते फाकवते आणि कडी दट्ट्याला घट्ट चिकटते. दाब सोडला की कडी सैल पडते आणि दट्ट्या सहज खाली येतो. गळती घडवणारा दाबच गळती थांबवतो. आजच्या जॅकमधले रबरी ऑइल सील हे या कातडी कडीचेच वंशज.

वैद्यकाच्या विद्यार्थ्याला ही रचना ओळखीची वाटेल. हृदयातून महाधमनीत गेलेले रक्त मागे येऊ लागले की झडपेच्या वाटीसारख्या पाळ्यांत भरते आणि त्यानेच झडप मिटते. पायांच्या शिरांतल्या झडपाही तशाच. त्या निकामी झाल्या की बाहेर रक्ताचा थेंब दिसत नाही, पण आतल्या आत रक्त खाली उतरत राहते आणि शिरा फुगून गाठी येतात.

ज्या मॉडस्लेच्या हातावर कारखाना उभा होता, त्याला आठवड्याला 30 शिलिंग मिळत. 1797 मध्ये त्याने पगारवाढ मागितली. ब्रामाने नाकारली. मॉडस्ले नोकरी सोडून गेला, स्वतःचे दुकान काढले आणि पुढे यंत्रे बनवणाऱ्या यंत्रांचा मोठा कारागीर म्हणून नावाजला. ब्रामाच्या आयुष्यातला हा व्यवहार त्याला महागच पडला.

शेवटचे काम

ब्रामा शेवटपर्यंत नवे काही करत राहिला. तळघरातून बिअर वर खेचणारा पंप, लाकूड रंधणारे यंत्र, 1806 मध्ये नोटांवर क्रमांक छापणारे यंत्र, अशी यादी मोठी आहे. 1814 च्या अखेरीस इंग्लंडच्या हॅम्पशायर भागातल्या होल्ट जंगलात त्याचा प्रेस मुळासकट झाडे उपटण्यासाठी लावला होता. कडाक्याच्या थंडीत तो स्वतः देखरेखीला उभा राहिला. सर्दी झाली, ती छातीत उतरली आणि न्यूमोनियाने 9 डिसेंबर 1814 रोजी, वयाच्या 66 व्या वर्षी त्याचा मृत्यू झाला. तेव्हा प्रतिजैविके नव्हती. आज आहेत, तरीही साठीनंतरच्या माणसाला खोकल्यासोबत ताप, धाप किंवा अचानक गोंधळलेपणा आला, तर घरगुती काढ्यावर दिवस घालवू नयेत.

जॅक बिघडतो तेव्हा

ब्रामाला ज्या अडचणी आल्या, त्याच आजही येतात. बोअरच्या गाडीचा एकही जॅक हलत नसेल, तर आधी टाकीतले तेल पाहावे आणि पंपाला इंजिनाकडून गती मिळते आहे का ते तपासावे. जॅक धक्के खात, थांबत थांबत उतरत असेल, तर तेलात हवा शिरली आहे किंवा फिल्टर तुंबला आहे, असे समजावे. तेल दबत नाही, हवा दबते. म्हणून हवेचा बुडबुडा सगळा जोर गिळतो.

उभा केलेला जॅक हळूहळू बसत असेल, तर दांड्याभोवती तेल दिसते का ते पाहावे. दिसले तर बाहेरचे सील गेले. कोरडे असेल तर गळती आतली आहे: दट्ट्याचे सील झिजले आहे किंवा तेल अडवणाऱ्या झडपेत कचरा बसला आहे. फुगलेल्या शिरांसारखाच हा प्रकार. जॅक वर उचलला जात नसेल, तर दांडा वाकला आहे का ते पाहावे. उतारावर गाडी तिरकी उभी केली की दांड्यावर बाजूने ताण येतो. आणि आपल्या काळ्या जमिनीत, विशेषतः ओल असताना, दोष जॅकचा नसून पायाखालच्या मातीचा असतो. पायाखाली जाड, रुंद लाकडी फळ्या हव्यातच.

आता सर्वांत महत्त्वाचे. आपला वरचा रक्तदाब पाऱ्याचा 120 मिलिमीटर असतो. अशा यंत्रांतल्या तेलाचा दाब त्याच्या हजारपटीहून जास्त असू शकतो. होजला सुईएवढे भोक पडले तरी तिथून निघणारी तेलाची धार कातडी भेदून आत जाते. म्हणून गळती हात फिरवून कधीही शोधू नये. इंजिन बंद करून, दाब उतरवून, पुठ्ठा धरून पाहावे. बोटात तेल शिरले तर सुरुवातीला काटा टोचल्याएवढीच खूण दिसते, दुखतही फारसे नाही. माणूस फडके गुंडाळून कामाला लागतो. तेल मात्र स्नायुबंधांच्या कडेने तळहातापर्यंत पसरते आणि काही तासांत बोट सुजून काळेनिळे पडते. अशा वेळी मलमपट्टी, शेक किंवा नुसते धनुर्वाताचे इंजेक्शन पुरत नाही. हात उघडून आतले तेल साफ करणारी शस्त्रक्रिया काही तासांत व्हावी लागते. उशीर झाला तर बोट काढावे लागते. जखम बारीक असली तरी त्याच दिवशी, लगेच, जळगाव किंवा छत्रपती संभाजीनगरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय गाठावे. कोणते तेल, किती वाजता, कसे लागले, हे डॉक्टरांना सांगावे.

दुसरा धोका चिरडण्याचा. 1849 मध्ये वेल्समधल्या ब्रिटानिया पुलाची अजस्र लोखंडी नळी ब्रामाच्या पद्धतीच्या प्रेसने उचलत होते. अभियंता रॉबर्ट स्टीफन्सन याने नियम घातला होता: नळी जसजशी वर जाईल, तसतसे तिच्याखाली बांधकाम भरत यायचे. काम चालू असताना प्रेसचे नळकांडे फुटले आणि एका कामगाराचा जीव गेला. नळी मात्र काही इंचच खाली आली, कारण खाली आधार होता. तो नसता तर सगळेच कोसळले असते.

उचललेल्या ट्रॉलीखाली ग्रीस लावायला किंवा गाडीखाली नट आवळायला जाण्याआधी हाच नियम पाळावा. जॅक उचलण्यासाठी असतो, धरून ठेवण्यासाठी नाही. आधी चाकांना दगड, खाली मजबूत ठोकळे किंवा लोखंडी स्टँड, मग माणूस. तरीही कोणी दबलाच तर 108 ला फोन करावा, किती वेळ दबला होता ते लक्षात ठेवावे आणि बाहेर काढल्यावर तो ठीक दिसला तरी दवाखान्यात आणावे. चिरडलेल्या स्नायूंतून रक्तात उतरणारी द्रव्ये काही तासांनी मूत्रपिंड आणि हृदयावर घाला घालू शकतात.

ब्रामाच्या प्रेसमुळे एका माणसाला शंभर जणांचे वजन उचलता येऊ लागले. कातड्याची एक कडी त्यासाठी पुरेशी ठरली. ती कडी कधी ना कधी झिजणारच, हे धरूनच शेतात आणि गॅरेजमध्ये काम करावे.