विश्लेषण : मोबाइलवर पीडीएफ असताना छापील पुस्तक कशाला? बाबासाहेबांचे आयुष्य काय सांगते?

मोबाइलवर एका क्लिकवर पुस्तक उघडते, मग छापील प्रत हवी कशाला? छत्रपती संभाजीनगरात १९५० मध्ये महाविद्यालय (आजचे मिलिंद) सुरू करणाऱ्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या ग्रंथप्रवासात याचे उत्तर सापडते.

पुस्तके समुद्रात कशी गेली?
बडोदा संस्थानची शिष्यवृत्ती संपल्याने १९१७ मध्ये बाबासाहेबांना लंडनमधील अभ्यास अर्धवट सोडून परतावे लागले. पुस्तके दुसऱ्या जहाजाने येत होती. पहिले महायुद्ध सुरू होते. जर्मन पाणबुडीच्या हल्ल्यात ते जहाज बुडाले. आजच्या भाषेत, बॅकअप नव्हता. १९२० मध्ये ते पुन्हा लंडनला गेले. रुपयाच्या प्रश्नावरील त्यांचा ग्रंथ १९२३ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे दादरला ‘राजगृह’ बांधताना त्यांनी ग्रंथसंग्रहासाठी खास जागा ठेवली.

न झालेले भाषण कसे टिकले?
१९३६ मध्ये लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने त्यांना अध्यक्षपदासाठी बोलावले. भाषणातील मजकूर खटकल्याने परिषदच रद्द झाली. बाबासाहेबांनी ते भाषण स्वतः छापले. १,५०० प्रती दोन महिन्यांत संपल्या. व्यासपीठ नाकारता आले, पण लोकांच्या घरी पोहोचलेल्या प्रती परत घेणे कोणालाच शक्य नव्हते.

डिजिटल पुस्तकाबाबत मात्र ते शक्य आहे. २००९ मध्ये अॅमेझॉनने जॉर्ज ऑरवेलची विकलेली ई-पुस्तके हक्कांच्या वादामुळे ग्राहकांच्या किंडलमधून काढून टाकली होती. पैसे परत मिळाले, पुस्तक गेले.

मग डिजिटल नकोच का?
तसे नाही. ६ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांचे निधन झाले. बुद्धांवरील त्यांचा ग्रंथ १९५७ मध्ये आला. पण बरेच लेखन हस्तलिखितातच राहिले. महाराष्ट्र शासनाने १९७९ पासून त्यांच्या लेखन-भाषणांचे खंड काढले, तेव्हा त्यातील बराच भाग वाचकांपर्यंत आला. हे इंग्रजी खंड परराष्ट्र मंत्रालयाच्या संकेतस्थळावर मोफत उपलब्ध झाले. जवळ ग्रंथालय नसलेल्या गावातील विद्यार्थीही ते फोनवर वाचू शकतो.

थोडक्यात काय?
एकाच ठिकाणी असलेले पुस्तक धोक्यात असते, मग ते ठिकाण जहाज असो, पेटी असो वा सर्व्हर. पीडीएफ पुस्तक दूरवर पोहोचवते. छापील प्रत वाचकाच्या मालकीची राहते. ती कोणाला दूरून पुसता येत नाही. म्हणून आवडलेले पुस्तक फोनमध्ये जरूर ठेवा. पण शक्य असेल तर एक प्रत कपाटातही असू द्या.