कोल्हापूरच्या या मेस्त्रींनी सिनेमाचा कॅमेरा स्वतःच बनवला होता!

बाबूराव पेंटर यांचं खरं आडनाव मेस्त्री. जन्म ३ जून १८९० चा, कोल्हापूरचा. चुलतभाऊ आनंदराव यांच्यासोबत ते संगीत नाटकांचे पडदे रंगवायचे. पडदे एवढे गाजले, की लोकांनी दोघांचं आडनावच ‘पेंटर’ करून टाकलं.

१९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि दोघा भावांना सिनेमाचं वेड लागलं. पण कॅमेरा आणायचा कुठून? तो यायचा विलायतेहून, त्यात लवकरच पहिलं महायुद्ध पेटलं. मग त्यांनी एक जुना प्रोजेक्टर मिळवला आणि खोलून त्याचं तंत्र समजून घेतलं.

कॅमेऱ्याच्या पोटातलं काम बरंचसं तसंच चालतं. हँडल फिरवलं की फिल्म सरकते, क्षणभर थांबते, तेवढ्यात झडप उघडून चित्र उमटतं आणि फिल्म पुढे जाते. हे सेकंदाला साधारण १६ वेळा! थांबण्यात जरा चूक झाली तरी चित्र फिसकटलंच.

काम अर्धवट असतानाच, १९१६ मध्ये आनंदराव गेले. जोडीदार आणि अर्धं डोकंच गेलं म्हणा ना. तरी बाबूरावांनी विष्णुपंत दामलेंना हाताशी धरलं आणि १९१८ च्या सुमारास स्वदेशी कॅमेरा चालू झाला.

‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’साठी पैसा दिला गायिका तानीबाई कागलकर यांनी. (हे नाव सहसा कुणी घेत नाही, म्हणून मुद्दाम.) शाहू महाराजांचंही पाठबळ होतं. १९२० साली ‘सैरंध्री’ आला. पुरुषांनीच स्त्रीभूमिका करायच्या त्या काळात बाबूरावांनी बायकांना पडद्यावर आणलं. कीचकवध तर इतका खरा वाटला, की त्याला कात्री लागली! लोकमान्य टिळकांनी त्यांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये त्यांनी देवादिकांना बाजूला ठेवून कर्जात बुडालेला शेतकरी दाखवला. तो तरुण शेतकरी होता व्ही. शांताराम.

१९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम ही त्यांच्याच हाताखाली तयार झालेली माणसं बाहेर पडली आणि त्यांनी कोल्हापुरातच ‘प्रभात’ काढली. पुढे बाबूरावांनीही आपली कंपनी सोडली. अधूनमधून सिनेमे केले, पण मन रमलं ते चित्रांत आणि पुतळ्यांत. १६ जानेवारी १९५४ ला ते गेले. दिल्लीत टीव्हीचं पहिलं प्रक्षेपण व्हायला तेव्हा अजून पाच वर्षं होती.