व्हेरा मेंचिक

व्हेरा मेंचिक (१६ फेब्रुवारी, १९०६:मॉस्को, रशिया - जून, १९४४:लंडन, इंग्लंड) या बुद्धिबळाच्या इतिहासातील पहिल्या महिला विश्वविजेत्या होत. १९२७ साली मिळवलेले हे पद त्यांनी मृत्यूपर्यंत राखले. स्त्रियांच्या स्पर्धांमध्ये त्या जवळजवळ अजिंक्य होत्या. तथापि बुद्धिबळाच्या इतिहासात त्यांना विशेष स्थान आहे ते अग्रगण्य पुरुष खेळाडूंच्या स्पर्धांमध्ये सातत्याने भाग घेणारी पहिली स्त्री म्हणून.

बालपण आणि स्थलांतर

व्हेरा यांचे वडील फ्रांतिशेक हे चेक, तर आई ओल्गा इंग्रज होत्या. वडील जमीनदारांच्या मालमत्तेची व्यवस्था पाहत आणि आई मुलांना घरी शिकवण्याचे काम करीत. व्हेरा नऊ वर्षांच्या असताना वडिलांनी त्यांना बुद्धिबळाचा संच दिला आणि खेळाचे नियम शिकवले. रशियन राज्यक्रांतीनंतर कुटुंबाची मालमत्ता गेली. १९२१ साली मेंचिक कुटुंबाने रशिया सोडला. वडील आपल्या मायदेशी परतले; आई आणि दोन्ही मुली इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील हेस्टिंग्ज येथे आल्या. व्हेरा यांची धाकटी बहीण ओल्गा हीदेखील पुढे महिला विश्वअजिंक्यपद स्पर्धेत खेळली.

पंधरा वर्षांच्या व्हेरा यांना इंग्रजी फारसे येत नव्हते. ज्या खेळात बोलावे लागत नाही, तो खेळ त्यांना जवळचा वाटला. हेस्टिंग्जचा बुद्धिबळ क्लब इंग्लंडमध्ये नावाजलेला होता. १९२३ साली त्या या क्लबच्या सभासद झाल्या. तेथेच त्यांना हंगेरीचे श्रेष्ठ खेळाडू गेझा मारोत्सी यांचे मार्गदर्शन लाभले. घाई न करता डावाची भक्कम मांडणी करणे, लहानसा लाभ जपणे आणि डावाच्या अखेरच्या टप्प्यात तो वाढवत नेणे, ही मारोत्सी यांची शिकवण त्यांच्या खेळात शेवटपर्यंत दिसते. काळ्या मोहऱ्यांनी खेळताना फ्रेंच बचाव ही त्यांची आवडती पद्धत होती.

विश्वविजेतेपद

१९२६ साली व्हेरा यांनी मुलींची ब्रिटिश अजिंक्यपद स्पर्धा जिंकली. पुढच्याच वर्षी लंडनमध्ये पहिल्या बुद्धिबळ ऑलिंपियाडबरोबर पहिली महिला विश्वअजिंक्यपद स्पर्धा झाली. तीत बारा खेळाडू होत्या. व्हेरा यांनी ११ पैकी १० डाव जिंकले, एक बरोबरीत सोडवला आणि वयाच्या एकविसाव्या वर्षी त्या विश्वविजेत्या झाल्या.

त्यानंतर हॅम्बुर्ग (१९३०), प्राग (१९३१), फोकस्टन (१९३३), वॉर्सा (१९३५), स्टॉकहोम (१९३७) आणि ब्वेनोस आइरेस (१९३९) अशा सहाही स्पर्धा त्यांनी जिंकल्या. प्राग, फोकस्टन, वॉर्सा आणि स्टॉकहोम या सलग चार स्पर्धांमध्ये त्यांनी एकही डाव गमावला नाही. एवढेच नव्हे, तर एकाही डावात बरोबरी होऊ दिली नाही. सातही स्पर्धा मिळून त्या ८३ डाव खेळल्या. त्यांपैकी ७८ जिंकले, ४ बरोबरीत सुटले आणि अवघा एक डाव हॅम्बुर्ग येथे गमावला. जर्मनीच्या सोनिया ग्राफ या त्यांच्या सर्वांत तुल्यबळ प्रतिस्पर्धी होत्या. त्यांच्याशी १९३४ आणि १९३७ साली झालेले सामनेही व्हेरा यांनीच जिंकले.

पुरुष खेळाडूंशी लढती

१९२९ साली कार्ल्सबाड येथील मोठ्या स्पर्धेत व्हेरा यांना निमंत्रण मिळाले. बावीस खेळाडूंमध्ये त्या एकट्याच स्त्री होत्या. त्यांच्या सहभागाची काहींनी थट्टा केली. व्हिएन्नाचे आल्बर्ट बेकर यांनी असे सुचवले की, जो कोणी या बाईंकडून हरेल त्याला व्हेरा मेंचिक क्लबचे सभासद करून घ्यावे. या क्लबचे पहिले सभासद होण्याचा मान खुद्द बेकर यांनाच मिळाला. त्याच स्पर्धेत फ्रिट्झ झेमिश हेही त्यांच्याकडून हरले.

पुढील काळात या काल्पनिक क्लबची यादी वाढत गेली. नेदरलँड्सचे माक्स ऑयवे हेस्टिंग्ज येथे त्यांच्याकडून दोनदा पराभूत झाले. हेच ऑयवे १९३५ साली विश्वविजेते झाले. पंजाबातून इंग्लंडला गेलेले आणि ब्रिटिश अजिंक्यपद मिळवलेले सुलतान खान यांनाही त्यांनी हरवले. १९२९ साली रॅम्सगेट येथे परदेशी आणि इंग्रज खेळाडूंच्या दोन गटांत लढती झाल्या. परदेशी गटातून खेळताना व्हेरा यांनी ७ पैकी ५ गुण मिळवले. कॅपाब्लांका यांच्या मागे, आकिबा रुबिनश्टाइन यांच्या बरोबरीने त्या दुसऱ्या स्थानावर राहिल्या.

मात्र केवळ विजयांची नोंद केल्यास हे चित्र एकांगी होईल. कार्ल्सबाड येथे २१ डावांत त्यांना ३ गुण मिळाले आणि त्या शेवटच्या आल्या. १९३५ सालच्या मॉस्को स्पर्धेत १९ डावांत दीडच गुण मिळाला आणि त्या पुन्हा शेवटच्या राहिल्या. कॅपाब्लांका आणि अलेखिन यांच्याविरुद्ध त्यांना एकही डाव जिंकता आला नाही. स्त्रियांच्या स्पर्धांमध्ये निर्विवाद प्रथम स्थान असताना केवळ तेवढ्यावर समाधान मानणे त्यांना सहज शक्य होते. त्यांनी तसे केले नाही. पराभव ठाऊक असूनही त्या पुन्हा पुन्हा त्याच पटावर बसल्या. स्त्रीच्या खेळाचे मोजमाप वेगळ्या मापाने होऊ नये, ही गोष्ट त्यांनी वाद घालून नव्हे, तर खेळून सिद्ध केली. सवलत नाकारली की पराभवही पूर्ण स्वीकारावा लागतो, हे त्यांच्या कारकिर्दीवरून दिसते.

उत्तरायुष्य आणि मृत्यू

१९३७ साली व्हेरा यांचा विवाह ब्रिटिश बुद्धिबळ क्षेत्रातील कार्यकर्ते रूफस स्टीव्हन्सन यांच्याशी झाला. ते वयाने त्यांच्यापेक्षा अठ्ठावीस वर्षांनी मोठे होते. १९३९ साली लंडनमध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय बुद्धिबळ केंद्राची व्यवस्था व्हेरा यांच्याकडे आली. पण दुसऱ्या महायुद्धातील बाँबहल्ल्यात ते केंद्र उद्ध्वस्त झाले. १९४२ साली त्यांनी वयोवृद्ध ग्रँडमास्टर जाक मिझेस यांना दहा डावांच्या सामन्यात साडेसहा विरुद्ध साडेतीन गुणांनी हरवले. १९४३ साली पतीचे निधन झाले.

जून १९४४मध्ये लंडनच्या क्लॅपम भागातील त्यांच्या राहत्या घरावर जर्मनीचा व्ही-१ हा उडता बाँब पडला. त्यात व्हेरा, त्यांची आई आणि बहीण ओल्गा या तिघीही मृत्युमुखी पडल्या. त्या वेळी व्हेरा ३८ वर्षांच्या होत्या. त्यांचे विश्वविजेतेपद त्यानंतर काही वर्षे रिक्त राहिले. १९४९-५० साली मॉस्को येथे झालेल्या स्पर्धेत ल्युदमिला रुदेन्को नव्या विश्वविजेत्या ठरल्या.

वारसा

१९५७ साली महिला बुद्धिबळ ऑलिंपियाड सुरू झाले. त्यातील विजेत्या संघाला दिला जाणारा फिरता चषक व्हेरा मेंचिक यांच्या नावाचा आहे. २०२४ साली बुडापेस्ट येथे भारतीय महिला संघाने तो प्रथमच जिंकला. या संघात नागपूरच्या दिव्या देशमुख होत्या.

व्हेरा यांनी कृतीतून विचारलेला प्रश्न भारतातही पुढे आला. १९७६ साली मुंबईच्या रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत खेळल्या, तेव्हा त्यावरून मोठा वाद झाला आणि प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. स्त्रियांना राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धांमधून वगळता येणार नाही, असा निर्णय त्या वेळी जागतिक बुद्धिबळ महासंघाच्या अध्यक्षांनी दिला. ते अध्यक्ष होते माक्स ऑयवे, व्हेरा मेंचिक क्लबचे जुने सभासद.